पडक्या नगरांतून कॅमेऱ्यासह : सेलू परिसरातील छायाचित्रफेरीचा इतिहास

माहितगार माणसासोबत भग्न नगरातून पायी हिंडायचे, थांब्याथांब्याला वास्तूचा इतिहास ऐकायचा आणि तिची छायाचित्रे घ्यायची, या उपक्रमाला हल्ली ‘फोटोवॉक’ किंवा ‘वारसा फेरी’ म्हणतात. मुंबई-पुण्यात तो रुळला आहे. परभणी जिल्ह्यातील सेलूच्या आसपासही त्याची पावले उमटू लागली आहेत, आणि त्यासाठी हा परिसर फारच अनुकूल आहे. सेलू तालुक्यात वालूर, शेजारच्या तालुक्यांत पाथरी आणि जिंतूरजवळचे चारठाणा, तर रेल्वेने पश्चिमेकडे निघाले की परतूर, जालना, छत्रपती संभाजीनगर आणि दौलताबाद. एकाच लोहमार्गाच्या आधाराने यादवांच्या काळापासून मोगलाईपर्यंतच्या पडक्या नगरांचा पट इथे पाहता येतो. मात्र या नगरांकडे पहिला कॅमेरा आला तो सरकारी मोजणीचे साधन म्हणून. तो गावकऱ्याच्या हाती यायला शतकाहून अधिक काळ लागला. इथल्या छायाचित्रफेरीचा इतिहास मुख्यतः या हस्तांतराचा आहे.

आधी नगरांविषयी. पाचव्या भिल्लमाने बाराव्या शतकाच्या अखेरीस देवगिरीला यादवांची राजधानी केली. पुढची शंभर-सव्वाशे वर्षे गोदावरी, दुधना आणि पूर्णा यांच्या खोऱ्यांत मंदिरे, बारवा (पायऱ्यांच्या विहिरी), पेठा आणि मठ उभे राहत गेले. इथला दगड म्हणजे सह्याद्रीच्या लाव्ह्याचा काळा बेसॉल्ट. चुन्याचा आधार न घेता घडीव चिरे एकमेकांत बसवून केलेल्या या बांधकामाला लोक सरसकट ‘हेमाडपंती’ म्हणतात, मग त्याचा यादवांचा मंत्री हेमाद्री पंडित याच्याशी संबंध असो वा नसो. १२९६ मध्ये अलाउद्दीन खलजीची स्वारी झाली, १३१८ मध्ये यादव राज्य संपले आणि १३२७ मध्ये मुहम्मद तुघलकाने देवगिरीचे दौलताबाद करून दिल्लीची राजधानी तिथे आणली. त्यानंतर बहमनी, इमादशाही, निजामशाही, मोगल आणि आसफजाही असे धनी बदलत गेले.

पाथरीचे नाव या घडामोडींत वारंवार येते. फिरिश्ता या इतिहासकाराच्या सांगण्यानुसार अहमदनगरच्या निजामशाही घराण्याचे पूर्वज पाथरीचे ब्राह्मण वतनदार होते. पाथरीवर हक्क सांगत बुऱ्हाण निजामशहाने वऱ्हाडच्या इमादशाहीशी झगडा मांडला आणि १५१८ मध्ये ते घेतले. अकबराच्या काळात ‘आईन-इ-अकबरी’त पाथरी हे वऱ्हाड सुभ्यातील एक सरकार, म्हणजे जिल्ह्यासारखा मोठा महसुली विभाग, म्हणून नोंदले गेले. आज तालुक्याचे गाव असलेल्या पाथरीचे त्या काळी एवढे महत्त्व होते. सत्तेचे केंद्र हलले की अशा गावांतली बांधकामे थांबतात, डागडुजीचा पैसा आटतो आणि पावसाळे आपले काम करत राहतात.

त्यातून मराठवाड्याची काळी माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळून आकसते. या दरवर्षीच्या हालचालीने पाया हलतो, चिऱ्यांतले सांधे उघडतात, सांध्यात पडलेले पिंपळाचे बी रुजते आणि मुळे उरलेली भिंत फोडतात. माणसांचा हातभारही कमी नाही. देशमुख-देशपांड्यांच्या गढ्या (तटबंद वाडे) बहुधा पांढऱ्या मातीच्या होत्या, आणि हीच माती धाब्याच्या घरांच्या माळवदावर घालायला लागत असे. मालक शहरात गेला की गढीची माती गावातल्या छपरांवर चढली. मंदिराचे चिरे कुणाच्या ओट्याला, कुणाच्या गोठ्याला लागले. गुप्तधनाच्या आशेने गाभारे आणि चौथरे खणणारेही होतेच. म्हणून या भागातले भग्न नगर पठारावर एकाकी पडलेले नसते, ते जित्या गावात मिसळलेले असते. चारठाण्यात हे स्वच्छ दिसते. उंच कोरीव दगडी स्तंभ, मंदिरे, बारव आणि विखुरलेली शिल्पे गावाच्या घरा-गल्ल्यांच्या संगतीनेच उभी आहेत. इथे कॅमेरा घेऊन हिंडणारा माणूस एकाच वेळी तेराव्या शतकात आणि कुणाच्या तरी अंगणात असतो. ही गोष्ट ध्यानी न घेता काढलेली फेरी फसते.

महाराष्ट्रात छायाचित्रणाचा संघटित आरंभ मुंबईत झाला. १८५४ मध्ये तिथे फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली. डॉ. भाऊ दाजी लाड आणि त्यांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे या वर्तुळातले मराठी सभासद, आणि नारायण दाजी स्वतः उत्तम छायाचित्रे घेत. भाऊ दाजींना जुन्या लेखांचे वेड होते. अजिंठ्याच्या शिलालेखांवरचे त्यांचे वाचन १८६३ मधले आहे. प्राचीन वास्तू आणि नवा कॅमेरा यांची आवड एका मराठी घरात एकाच वेळी नांदत होती, याची आठवण फारशी काढली जात नाही, आणि ती काढायला हवी.

त्याच सुमारास कंपनी सरकारने ठरवले की वास्तूंच्या नोंदीसाठी चितारी पाठवण्यापेक्षा कॅमेरा पाठवावा, तो स्वस्तही पडतो आणि चूकही कमी करतो. १८५५ मध्ये कॅप्टन बिग्ज यांची मुंबई इलाख्यात या कामावर नेमणूक झाली, त्यांच्यानंतर डॉ. पिगू आले. विजापूर, बदामी, ऐहोळे इथल्या वास्तू त्यांनी टिपल्या. मराठवाडा निजामाच्या राज्यात असल्याने या योजनेच्या कडेला राहिला, पण अजिंठ्यात मेजर रॉबर्ट गिल होते. १८४५ पासून ते लेण्यांतील चित्रांच्या मोठमोठ्या तैलरंगी नकला करत होते. त्या नकला लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये मांडल्या होत्या आणि १८६६ च्या आगीत त्यांतल्या बहुतेक जळाल्या. उत्तरायुष्यात गिल कॅमेऱ्याकडे वळले. त्यांच्या अजिंठा-वेरूळच्या छायाचित्रांची पुस्तके वास्तुइतिहासकार जेम्स फर्ग्युसन यांच्या लेखनासह १८६४ मध्ये लंडनला प्रसिद्ध झाली. वर्षानुवर्षांच्या कुंचल्याचे काम आगीत गेले आणि छापलेली छायाचित्रे वाचली. एका प्रतीपेक्षा अनेक प्रती सुरक्षित, हा धडा त्यातून मिळतो.

त्या काळच्या छायाचित्रकाराची फेरी कशी असे, हे समजायला तेव्हाची प्रक्रिया ध्यानात घ्यावी लागते. १८५१ पासून वापरात आलेल्या ओल्या कलोडियनच्या पद्धतीत काचेवर चिकट द्रावण ओतायचे, ती सिल्व्हर नायट्रेटमध्ये बुडवायची, ओली असतानाच कॅमेऱ्यात घालायची आणि वाळण्याआधी धुवायची. सगळे मिळून काही मिनिटांचे काम. मराठवाड्याच्या उन्हात ती मिनिटे आणखी घटत. त्यामुळे काळोखाचा तंबू वास्तूपाशीच रोवावा लागे. काचा, रसायने आणि पाणी बैलगाडीत, पुढे झुडपे तोडायला मजूर, वाट दाखवायला गावचा माणूस. दिवसाकाठी मोजकेच फोटो निघत, म्हणून प्रत्येक कोन आधी चालून, निरखून ठरवावा लागे. वाटाड्याला मंदिराचा मागचा दरवाजा कुठे, कोणत्या भिंतीवर सकाळी ऊन येते, सापाची भीती कुठे, हे सारे ठाऊक असे. मार्गदर्शित छायाचित्रफेरी म्हणायची तर ती हीच होती. फरक इतकाच की मार्गदर्शकाचे नाव कुठे लिहिले गेले नाही. खांबाशेजारी उभा केलेला एखादा माणूस फोटोत दिसतो, तो वास्तूची उंची कळावी म्हणून. तो कोण होता, त्या देवळाशी त्याचे नाते काय, हे विचारायची कुणाला गरज वाटली नाही. त्या काळच्या सरकारी पाहणी-अहवालांत इतके अचूक मोजमाप आहे की ही उणीव अधिकच खुपते.

निजामी मराठवाड्याची पुरातत्त्वीय पाहणी जेम्स बर्जेस यांनी १८७५-७६ च्या हंगामात केली. बीदर आणि औरंगाबाद जिल्ह्यांतील प्राचीन अवशेषांवरचा त्यांचा अहवाल १८७८ मध्ये निघाला. त्यांचे सहकारी हेन्री कझन्स यांनी पुढे दख्खनमधील मध्ययुगीन मंदिरांची छायाचित्रे आणि आराखडे घेतले. त्यांचा या विषयावरचा ग्रंथ ते निवृत्त झाल्यावर बऱ्याच वर्षांनी, १९३१ मध्ये प्रसिद्ध झाला. हेमाडपंती मंदिरांच्या अभ्यासकाला तो आजही हाताशी ठेवावा लागतो.

याच काळात एका भारतीय छायाचित्रकाराने निजामी वास्तूंना वेगळी नजर दिली. मीरतजवळच्या सरधन्याचे लाला दीनदयाळ रुडकीला अभियांत्रिकी शिकले, इंदूरला नोकरीत असताना कॅमेऱ्याकडे वळले आणि सहावे निजाम महबूब अली खान यांचे दरबारी छायाचित्रकार झाले. त्यांना ‘राजा मुसव्विर जंग’ असा किताब मिळाला. दौलताबादचा किल्ला, वेरूळची लेणी, औरंगाबादचा मकबरा यांची त्यांनी घेतलेली छायाचित्रे अभियंत्याच्या शिस्तीने उभी रेष उभी ठेवतात, तरीही त्यांत वास्तूचा आब दिसतो. तोवर कोरड्या काचा आल्या होत्या. तंबू बरोबर न्यायचे कारण उरले नव्हते. काच घरी नेऊन निवांत धुता येई, म्हणून छायाचित्रकाराला वास्तूभोवती मोकळेपणाने फिरता येऊ लागले.

मग रेल्वे आली. हैदराबाद-गोदावरी व्हॅली रेल्वेचा मनमाड ते हैदराबाद हा मीटरगेज मार्ग १९०० च्या आगेमागे टप्प्याटप्प्याने सुरू झाला. सेलू, परतूर, मानवत रोड या स्थानकांवर कापसाची आवक वाढली आणि सेलू ही बाजारपेठ म्हणून वर आली. मार्ग कापसासाठी आणि लष्करी सोयीसाठी घातलेला होता, पण त्याने भग्न नगरांची एक माळच जोडली. मनमाडला उतरलेला मुंबईचा प्रवासी एका गाडीने दौलताबादच्या पायथ्याशी पोहोचू लागला. पाहुण्यांना हिंडवून आणणारे स्थानिक ‘गाईड’ वेरूळ-दौलताबादला तयार झाले ते याच रहदारीवर. हा धंदा बापाकडून मुलाकडे जाई. त्यात ऐकीव कथांची भर मोठी होती, पण दौलताबादच्या भुयारी मार्गातल्या अंधाराची आणि तोफांच्या जागांची त्यांना असलेली माहिती पक्की असे.

१९१४ मध्ये निजाम सरकारने स्वतःचे पुरातत्त्व खाते काढले आणि गुलाम याजदानी यांना त्याचे प्रमुख केले. याजदानींनी जवळजवळ तीन दशके हे खाते चालवले. अजिंठ्याची चित्रे सांभाळण्यासाठी इटालियन तज्ज्ञ बोलावले, रंगीत छायाचित्रणाच्या आधारे अजिंठ्यावरचे चार खंड १९३० ते १९५५ या काळात प्रसिद्ध केले. संस्थानी खात्याने केलेले हे काम ब्रिटिश मुलखातल्या कोणत्याही कामाच्या तोडीचे होते. मात्र खात्याचे बळ अजिंठा, वेरूळ, दौलताबाद, बीदर यांवर खर्ची पडले. चारठाणा, वालूर, पाथरी अशा आतल्या गावांकडे कॅमेरा क्वचितच वळला.

सप्टेंबर १९४८ मध्ये हैदराबाद संस्थान भारतात आले, १९५६ मध्ये मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. राष्ट्रीय महत्त्वाच्या स्मारकांसाठी केंद्राचा १९५८ चा कायदा आणि इतरांसाठी महाराष्ट्राचा १९६० चा कायदा, अशी दुहेरी व्यवस्था झाली. यादीत नसलेल्या बारवा, वीरगळ (वीरांच्या स्मृतिशिळा), गढ्या मात्र उघड्यावरच राहिल्या. हे अंतर भरून काढले ते मराठी अभ्यासकांच्या पायपिटीने. डॉ. गो. बं. देगलूरकर यांनी मराठवाड्यातील मंदिरे गावोगाव जाऊन अभ्यासली. डॉ. रा. श्री. मोरवंचीकर यांनी पैठण आणि देवगिरीचा इतिहास, विशेषतः तिथली पाणीव्यवस्था, उलगडली. डॉ. अरुणचंद्र पाठक यांनी बारवांकडे लक्ष वेधले. एस.टी.ने उतरायचे, पाटलाच्या वाड्यावर चौकशी करायची, मग गावातल्या पोरांना घेऊन ओढ्याकाठी जायचे, अशी ही पद्धत. वाटाड्याचे ज्ञान आणि अभ्यासकाचे ज्ञान प्रथमच बरोबरीने एका वाटेवर चालले. आजच्या वारसा फेरीचे खरे मूळ शोधायचे तर ते परदेशातल्या फोटोक्लबांत न शोधता इथे शोधावे.

कोकणात याला समांतर असा एक जुना धागा आहे. पोर्तुगीजांचे भिंतबंद नगर असलेली वसई १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी जिंकली, नंतर ती ओस पडली. मूळचे गोव्याचे डॉ. गेर्सन द कुन्हा यांनी चौल आणि वसईच्या अवशेषांवर १८७६ मध्ये छायाचित्रांसह ग्रंथ काढला. चर्च, मठ, रस्ते यांच्या अवशेषांतून वाचकाला वाटेवाटेने नेणारे ते लेखन आहे. आज महाराष्ट्रातल्या छायाचित्रफेऱ्यांचे आवडते ठिकाण वसईचा किल्ला आहे, याचे कारण तिथे अख्खे शहर पडक्या स्थितीत एका तटात सापडते. दौलताबादला हेच मोठ्या प्रमाणावर आहे. महाकोट आणि कालाकोटाचे तट, देवळांच्या खांबांवर उभी असलेली जुनी मशीद (आजचे भारतमाता मंदिर), पंधराव्या शतकातला चांद मिनार, हत्ती हौद आणि बारव एकाच चढणीवर येतात.

डिजिटल कॅमेरा आणि मग मोबाईल हाती आल्यावर संख्येचा बंध सुटला. काचेच्या काळात दिवसाला मोजके फोटो निघत, आता एका खांबाचे शंभर निघतात. मराठवाड्यात १८ एप्रिलचा जागतिक वारसा दिन आणि नोव्हेंबरच्या १९ ते २५ तारखांचा वारसा सप्ताह या निमित्ताने फेऱ्या निघू लागल्या. चारठाण्यातही गावकरी, शिक्षक आणि इतिहासप्रेमी मिळून वारसा फेरी काढतात. जुलै २०१८ मध्ये केंद्रीय पुरातत्त्व विभागाने अजिंठ्याची लेणी, लेहचा राजवाडा आणि ताजमहालाची मुख्य कबर वगळता आपल्या सर्व स्मारकांत छायाचित्रणाला मुभा दिली. तिपाई आणि व्यावसायिक चित्रीकरणाला परवानगी लागते, ड्रोनला २०२१ च्या ड्रोन नियमांची वेगळी बंधने आहेत.

बारवांच्या बाबतीत कॅमेऱ्याने प्रत्यक्ष काम केले. वालूरची बारव या भागातल्या नेहमीच्या चौकोनी बारवांसारखी नाही. तिच्या पायऱ्या वर्तुळाला वळसे घेत खाली उतरतात. गाळाने आणि कचऱ्याने ती भरली होती. गावकऱ्यांनी श्रमदानाने ती मोकळी केली, तिचे फोटो सगळीकडे फिरले आणि महाराष्ट्रातल्या निवडक बारवांची चित्र-पोस्टकार्डे टपाल खात्याने काढली तेव्हा वालूरला त्यांत जागा मिळाली. पुष्कळ गावांत क्रम उलटा, छायाचित्र आधी आणि संवर्धन नंतर, असा दिसतो. उकिरडा झालेली विहीर फोटोत सुंदर दिसली की तिच्यात कचरा टाकायला हात धजत नाही. याला अपवाद आहेत, तरी वालूरचे उदाहरण मोलाचे आहे, कारण तिथे फोटो काढणारे आणि गाळ उपसणारे हात गावाचेच होते.

चांगल्या फेरीत मार्गदर्शकाचे काम नावे आणि सनावळी सांगण्यापुरते नसते. काळा बेसॉल्ट प्रकाश गिळतो. भर दुपारी शिल्प सपाट दिसते, सकाळी लवकर किंवा उन्हे कलल्यावर तिरपा प्रकाश आला की नक्षीचा उठाव कळतो. कॅमेऱ्याचा प्रकाशमापक काळा दगड पाहून फसतो आणि चित्र नको इतके उजळ करतो, म्हणून प्रकाश थोडा कमी धरावा लागतो. बारवेचे मात्र उलटे आहे. तळाशी ऊन पोहोचते ते माध्यान्हीला, तेव्हा तिथला थांबा दुपारी ठेवावा. प्रवेश किती यावरून शास्त्रग्रंथांत बारवांचे चार प्रकार केले आहेत, एक वाट असलेली नंदा, दोनची भद्रा, तीनची जया आणि चारची विजया. हे सांगितल्यावर छायाचित्रकार आपोआप पायऱ्यांची मांडणी दिसेल असा कोन शोधू लागतो. देवकोष्ठातली, म्हणजे भिंतीतल्या देवाच्या कोनाड्यातली, मूर्ती नसेल तर रिकामे कोष्ठही टिपावे, कारण मूर्ती कधीपासून नाही हे पुढे त्यावरूनच ठरते. पावसाळ्यानंतर लगेच गेले तर झाडोऱ्यात चिरे दिसत नाहीत. पौष-माघात गवत वाळलेले असते आणि उन्हाचा तापही कमी.

जित्या गावातल्या फेरीची शिस्त आणखी निराळी आहे. पूजेतल्या देवाच्या गाभाऱ्यात पुजाऱ्याला विचारल्याशिवाय कॅमेरा काढू नये. बारवेवर धुणे धुणाऱ्या बायांचे, अंगणातल्या माणसांचे फोटो संमतीविना घेऊ नयेत. शिल्पावर उजळपणा यावा म्हणून पाणी, तेल किंवा खडू लावण्याची जुनी वाईट सवय पूर्ण बंद व्हायला हवी. तेलाने दगडाची छिद्रे बुजतात, खडू नक्षीत अडकून राहतो. भिंतीवर चढून उभे राहू नये, चुन्याविना बसवलेला चिरा माणसाच्या भाराने सरकू शकतो. दुर्मीळ वीरगळ नेमका कुठे पडला आहे ते जाहीर करण्याआधी गावाशी बोलावे, कारण मूर्तिचोर आणि गुप्तधन शोधणारेही फोटो पाहतात.

फेरीतून निघालेल्या छायाचित्रांना अभ्यासाचे मोल येते ते नोंदीमुळे. गाव, वास्तूचे स्थानिक नाव, तारीख, कोणत्या दिशेकडून घेतले, शेजारी मापपट्टी, आणि माहिती सांगणाऱ्या गावकऱ्याने होकार दिला तर त्याचे नाव. बर्जेस आणि कझन्स यांच्या काळातल्या सरकारी छायाचित्रांच्या प्रती लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आणि भारतीय पुरातत्त्व विभागाच्या संग्रहांत आहेत. कोणता कळस तेव्हा उभा होता आणि कोणता मंडप नंतर कोसळला, हे त्यांवरून ताडता येते. सेलू, पाथरी आणि जिंतूर तालुक्यांतल्या छोट्या वास्तूंसाठी असा जुना आधार फारच तोकडा आहे. तिथे तुलनेचा पहिला पुरावा आजच्या फेऱ्यांतली छायाचित्रेच ठरणार आहेत. म्हणून एकाच कोनातून दरवर्षी, शक्यतो पावसाळ्याच्या आधी एकदा आणि नंतर एकदा, तेच चित्र पुन्हा घेण्याची पद्धत या भागात उपयोगाची आहे. काळ्या मातीने पाया किती हलवला, पिंपळाचे मूळ किती शिरले, गढीचा बुरूज किती खचला, हे दोन चित्रे शेजारी ठेवली की कळते. या छायाचित्रांची एक प्रत गावच्या शाळेत किंवा ग्रामपंचायतीत आणि दुसरी तालुक्याच्या महाविद्यालयातील इतिहास विभागात ठेवली, तर मोबाईल बदलला तरी नोंद टिकते.